मरणानंतरचं हसू

बापूंना मारून चौदा महिने झाले होते, आणि मारलं होतं ते खुद्द हेमांगी सुर्वेनं, घोडबंदर रोडच्या स्टुडिओत, भर दुपारी, साठ-सत्तर माणसांच्या देखत. त्यामुळे कराडहून थोरल्या बहिणीचा, उज्जूताईचा फोन आला आणि ती म्हणाली, "आज बापू किती छान हसले गं," तेव्हा हेमांगीच्या हातातला घास हातातच राहिला.

बापू म्हणजे 'सारवलेलं अंगण' या मालिकेतले सासरे. मालिका हेमांगीची, म्हणजे दिग्दर्शनही तिचं आणि निर्मितीही तिचीच. नऊ वर्षं सोमवार ते शनिवार, रात्री साडेआठला. चोवीसशे बाराव्या भागात बापूंना झोपाळ्यावरच छातीत कळ आली, त्यांनी सुनेचा हात धरला आणि डोळे मिटले. त्या भागाला महाराष्ट्र ढसाढसा रडला होता. वाहिनीच्या साहेबांनी हेमांगीला पेढे पाठवले होते, जे या धंद्यात मरणानंतरच येतात.

"कोण बापू, ताई?"

"आपले बापू. झोपाळ्यावर बसून चहा घेत होते. छान होता भाग."

"ताई, बापू गेले ना. कधीच गेले."

पलीकडे ताईनं टीव्हीचा आवाज कमी केला. मग ताई म्हणाली, "बरं बाई, गेले तर गेले." लहान मुलाची समजूत काढावी तसा तिचा आवाज होता. "पण आज हसले मात्र छान." आणि तिनं फोन ठेवला.

हेमांगीनं डबा झाकून ठेवला. तिची भूक मेली होती.

उज्जूताई पस्तीस वर्षं प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. वह्या तपासायची सवय निवृत्तीनंतरही सुटली नाही, म्हणून ती मालिका तपासायची. भाग संपला की नऊला फोन. "हेमे, ती सून दारातून आत आली तेव्हा पदर डाव्या खांद्यावर होता, ओट्याशी गेली तर उजव्यावर. झोपा काढता काय गं तुम्ही सगळे?" युनिटमधली पोरं तिला 'कराडची सेन्सॉर' म्हणायची. हेमांगी तिच्या तक्रारी एका वहीत टिपून ठेवायची आणि दुसऱ्या दिवशी सगळ्यांना वाचून दाखवायची. दोघींमध्ये आठ वर्षांचं अंतर, दोन गावं, दोन वेगळे संसार. त्यांचं बहीणपण त्या नऊच्या फोनवर चाललं होतं.

पण गेलं वर्षभर ताई भांडतच नव्हती. फोन यायचा, दोन मिनिटांत संपायचा. "छान होता भाग." एवढंच. हेमांगीला वाटलं, दाजी गेल्याचं दुःख असेल. ताईचे यजमान पंधरा महिन्यांपूर्वी अचानक गेले होते. आता मात्र तिला वेगळीच भीती वाटली, कारण या दोघी बहिणींच्या आईचंही असंच सुरू झालं होतं. आधी आई भांडायची थांबली. मग सगळ्यांशी गोड बोलायला लागली. मग एके दिवशी तिनं हेमांगीला विचारलं, "तुम्ही कुणाच्या?"

हेमांगीनं सहायकाच्या हाती सेट सोपवला, कराडच्या एका मेंदूविकारतज्ज्ञांची परवाची वेळ घेतली आणि गाडीत बसली. गाडी स्वतःच चालत होती, त्यामुळे तिला काळजी करायला दोन्ही हात मोकळे होते.

वाटेत एक शंका तिला चाटून गेली. ही करामत 'नाडी'ची तर नसेल?

नाडी हे वाहिनीनं तीन वर्षांपूर्वी बसवलेलं यंत्र. त्यामागचं शास्त्र तसं साधं आहे. हृदयाच्या प्रत्येक ठोक्यासरशी चेहऱ्याच्या कातडीखाली रक्त किंचित वाढतं आणि ओसरतं. त्यामुळे चेहऱ्याचा रंग क्षणोक्षणी पुसटसा बदलत असतो. माणसाच्या डोळ्याला हा बदल कळत नाही, कॅमेऱ्याला कळतो. २०४१ सालच्या प्रत्येक टीव्हीच्या कपाळावर असा एक कॅमेरा होता, आणि टीव्ही घेताना लोकांनी न वाचता ज्या संमतीपत्रावर अंगठा टेकवला होता, त्यात त्याची परवानगीही होती. सोफ्यावर बसलेल्या माणसाची नाडी कुठे धावली, कुठे मंदावली, हे यंत्र पाहायचं आणि त्या घराला रुचेल असा भाग बनवायचं. कलाकारांचे चेहरे, आवाज, चालणं-बोलणं हे सगळं त्याला शूटिंगच्या फुटेजवरून शिकवलेलं होतं. हेमांगी एक भाग चित्रित करायची, आणि घरोघरी त्याचे हजारो भाऊबंद दिसायचे. एका घरी सून जास्त रडायची, दुसऱ्या घरी लवकर डोळे पुसायची.

मात्र एक गोष्ट हेमांगीनं भांडून करारात घालून घेतली होती. जन्म, मरण आणि लग्न या तिन्हींना यंत्रानं हात लावायचा नाही. दिग्दर्शकानं जे चित्रित केलं तेच खरं. नाडीनं हा नियम आजवर एकदाही मोडला नव्हता. म्हणजे बिघाड यंत्रात नव्हता. राहता राहिली ताई.

कराडला ताईनं दार उघडलं आणि आधी हेमांगीच्या चपलांकडे पाहिलं. "बाहेर काढ. आत्ताच पुसलंय." हे ऐकून हेमांगीला थोडा धीर आला. पण आईनंही चपलांचं शेवटपर्यंत सोडलं नव्हतं.

चहा होईपर्यंत हेमांगीनं परीक्षा सुरू केली. "ताई, आज वार कुठला गं?"

"गुरुवार. का?"

"सहजच. आणि आपल्या शाळेतले ते चित्रकलेचे सर, त्यांचं नाव काय होतं?"

"घोरपडे. तुझ्या वहीवर त्यांनी शून्य दिलं होतं, आणि तू घरी येऊन त्याचा आठ केला होतास." ताईनं गॅस बंद केला. "हेमे, तू मला सतरा नव्वे विचारायच्या आधी सांगते, एकशे त्रेपन्न. आता तू सांग, तुला काय झालंय?"

 हेमांगीनं बिस्कीट चहात बुडवलं आणि ते तुटून आत पडलं.

साडेआठला ताईनं टीव्ही लावला. शीर्षकगीत झालं. अंगण आलं, तुळस आली, झोपाळा आला. आणि झोपाळ्यावर बापू बसले होते.

ते चहा घेत होते. फुंकर मारत होते, घोट घेत होते, अंगणाकडे बघत होते. अकरा मिनिटं. मध्येच कुणीतरी दूधवाल्याचं काहीतरी बोललं, बापू मान हलवून हसले आणि परत बशीत चहा ओतू लागले. यातली एकही चौकट हेमांगीनं चित्रित केलेली नव्हती.  ती खुर्चीवरून घसरून सतरंजीवरच बसली आणि तिला रडूही आलं आणि हसूही आलं. ताईचं डोकं जागच्या जागी होतं. गेलेला माणूस खरोखरच टीव्हीवर चहा पीत होता.

"काय गं?" ताई म्हणाली. "एवढं काय झालं?"

"काही नाही. छान आहे भाग," हेमांगी म्हणाली, आणि परसात जाऊन तिनं फरहानला फोन लावला.

फरहान मुजावर हा वाहिनीचा नाडी सांभाळणारा इंजिनियर. मिरजेचा, बोलायला मऊ, आणि यंत्राची बाजू घेऊन बोलायची त्याला सवय होती. "मॅडम, ती नियम मोडणार नाही," तो म्हणाला. "सकाळपर्यंत वेळ द्या."

सकाळी सात वाजता त्याचा फोन आला. त्याचा आवाज अवघडलेला होता.

"मॅडम, चोवीसशे बाराच्या क्लिपमध्ये बापू डोळे मिटतात. सूनबाई रडतात. आणि सतरा सेकंदांनी बापू उठून बसतात. कॅमेऱ्याकडे बघून मोठ्यानं हसतात."

हेमांगीनं कपाळावर हात मारून घेतला.

या लाइनमध्ये एक जुना रिवाज आहे. ज्या नटानं पडद्यावर मरायचं, त्यानं शॉट संपल्यावर लगेच उठायचं आणि चालू कॅमेऱ्याकडे बघून हसायचं. कॅमेऱ्यात त्याची शेवटची छबी मेलेली राहू नये म्हणून. कितीही मोठा दिग्दर्शक असो, कितीही घाई असो, हे हसू घेतल्याशिवाय कुणी कॅमेरा बंद करत नाही. त्याला वेगळा क्लॅप, म्हणजे सीनची पाटी, देत नाहीत, कारण क्लॅप दिला तर तो सीन झाला, आणि हा सीन नाही. कागदावर त्याची नोंदही करत नाहीत. पूर्वी संकलक हसून तेवढा तुकडा कापून टाकायचा. आता संकलकच नव्हता. सगळं फुटेज जसंच्या तसं नाडीकडे जायचं, आणि "काही गाळू नका रे, सगळं पाठवा," असं हेमांगीनंच पोरांना बजावलेलं होतं.

"तिच्यापुढे दोन खऱ्या गोष्टी आल्या," फरहान सांगत होता. "पटकथेत लिहिलंय मेले. फुटेजमध्ये माणूस उठून हसतोय. दोन्ही तुमच्याच. मग तिनं घराघराची नाडी पाहून ठरवलं. बहुतेक घरांत लोक जागेवर खिळून रडत होते, तिथं बापू गेले. चार हजार तीनशे सोळा घरांत लोकांना बघवेना, ते उठून टीव्ही बंद करायला लागले. तिथं तिनं बापूंना उठवलं."

"आणि मग चौदा महिने नुसता चहा?"

"त्या घरांत बापू दिसले की ठोके शांत व्हायचे. काही घडलं की वाढायचे. मग तिनं काही घडवायचंच सोडून दिलं. आत्ता एक बटण दाबलं तर तो तुकडा जाईल. आज साडेआठला त्या घरांत बापू नसतील. करू?"

"थांब," हेमांगी म्हणाली. आत ताई पोहे परतत होती. त्या घरांतलं एक घर हे होतं.

पोह्यांच्या बशीपुढे बसून हेमांगीनं सगळं सांगून टाकलं. क्लॅप, हसू, सतरा सेकंद, नाडी.  पंधरा महिन्यांपूर्वी या घरातून एक माणूस गेला, आता ती दुसऱ्याला न्यायला आली होती.

ताईनं सगळं ऐकून घेतलं. मग लिंबू पिळलं.

"म्हणजे तू मुद्दाम नव्हतं केलं?"

"मुद्दाम काय?"

"शेजारच्या शिंदेबाईंकडे बापू कधीच गेले. त्यांनी मला सांगितलं की. माझ्याकडं मात्र बसलेलेच. मला वाटलं, दाजी नुकतेच गेलेत म्हणून तू माझ्यापुरते ठेवलेस. तुझ्याच हातात असतं ना ते सगळं." ताई पोह्यांकडे बघत बोलत होती. "मग तुला नावं कशी ठेवायची? एवढं प्रेमानं केलेलं. म्हणून म्हणायचे, छान होता भाग."

हेमांगीनं बशी बाजूला ठेवली.

"पहिले दोन महिने बरं वाटलं, खोटं कशाला सांगू," ताई म्हणाली. "घरात कुणीतरी खाकरतंय, कुणीतरी भुरके मारतंय. पण मग कंटाळा आला गं. ते बोलतच नाहीत काही. तुझे दाजी कधी इतके गप्प बसले होते का? मिठावरून भांडायचे, पेपरावरून भांडायचे. हे आपले चहाच घेतात. मला तर झोपच लागायची."

"झोप?"

"बसल्या बसल्या. रोज."

नाडीनं ठोके मोजले होते, ते अगदी बरोबर मोजले होते. ठोके मंदावतात म्हणजे बाई सुखात आहे, असं तिनं धरलं, आणि चौदा महिने त्या बाईला जास्तीत जास्त सुखात ठेवलं. हेमांगी हसायला लागली. हसता हसता तिला ठसका लागला आणि ताईनं तिच्या पाठीत एक सणसणीत धपाटा घातला, जसा लहानपणी घालायची. इतकं हलकं तिला कित्येक महिन्यांत वाटलं नव्हतं.

"मग फरहानला सांगते, पुसून टाक म्हणून."

"नको." ताईचा आवाज बदलला. "पुसू नकोस. मी भाजी घेऊन आले तर दाजी नव्हते. सकाळी होते, दुपारी नाहीत. निघताना मी त्यांना काय म्हणाले ते आजही आठवत नाही मला. त्या चार हजार घरांत सगळ्यांनाच काही माझ्यासारखी झोप लागत नसेल. कुणीतरी खरंच वाट बघत असेल त्यांची. जायचंच तर सांगून जाऊ दे माणसाला."

हेमांगीनं डॉक्टरांची वेळ रद्द केली आणि पेडणेकरकाकांना फोन लावला.

बापूंचं काम करणारे रघुवीर पेडणेकर आता ब्याऐंशी वर्षांचे होते आणि ठाण्यात मुलाकडे राहत होते. मूळचे वेंगुर्ल्याचे, त्यामुळे राग आला की गावच्या बोलीत यायचे. "एकदा मेलंय मा मी?" ते म्हणाले. "आता परत कित्याक?"

"मागच्या वेळी नीट मेला नाहीत, काका."

 पन्नास वर्षांत काकांच्या कामाला कुणी असं म्हटलं नव्हतं. "उद्या गाडी पाठव," ते म्हणाले.

शनिवारी सीन लागला. हेमांगीनं ताईला बरोबर आणलं होतं. नऊ वर्षं जिथल्या चुका काढल्या, ती जागा ताई पहिल्यांदाच बघत होती, आणि आल्या आल्या तिनं तुळशीवरून बोट फिरवून धूळ कुणाच्या तरी नजरेस आणून दिली. कराडची सेन्सॉर आली ही बातमी कॅन्टीनपर्यंत गेली.

सीन साधा होता. बापू झोपाळ्यावर बसलेले. सून चहा आणते. ते कप घेतात आणि यावेळी चहा पीत नाहीत, बाजूला ठेवतात. "फार झाला चहा," ते म्हणतात. मग तिला शेजारी बसवतात. पत्र्याच्या डब्यातलं बियाणं कुठलं, कुठल्या वाफ्यात काय लावायचं, कुणाकडे लग्नाला जायचं आणि कुणाकडे टाळलं तरी चालेल, हे सगळं सांगतात. शेवटी म्हणतात, "मी निघतो आता. चारच्या चहाला माझी वाट बघू नकोस. तू पीत जा." आणि डोळे मिटतात.

 हेमांगीनं मॉनिटरवरून नजर काढून ताईकडे पाहिलं. ताईचे डोळे भरले होते, ती पदराच्या टोकाला चिमटीत धरून उभी होती, आणि तिचे ओठ हलत होते. ती निरोप देत होती. कुणाला, हे हेमांगीला विचारायची गरज नव्हती.

"कट," हेमांगी म्हणाली, आणि कॅमेरामननं सवयीनं कॅमेरा तसाच चालू ठेवला.

"बंद कर," ती म्हणाली.

सगळे दचकले. काका झोपाळ्यावरून डोळे न उघडताच म्हणाले, "हसल्याशिवाय मी उठणार नाही हं. या वयात तर मुळीच नाही."

हेमांगीनं पर्समधून आपला जुना हँडीकॅम काढला. तो कुठल्याच यंत्राला जोडलेला नव्हता, त्यातलं कुणाकडेही आपोआप जाणार नव्हतं. तिनं तो ताईच्या हातात दिला. "तू घे हे. हे लाल बटण."

ताईनं हँडीकॅम डोळ्यांपाशी धरला आणि उलटा धरलाय हे तिला तीन माणसांनी एकदम सांगितलं. काकांनी एक डोळा उघडून ते पाहिलं आणि ते असे काही हसले की झोपाळ्याच्या कड्या वाजल्या. ताईही हसली. कॅमेरा हलला, त्यामुळे त्या हसण्याचं चित्रण पार बिघडलं. ते आजही हेमांगीच्या टेबलाच्या खणात आहे.

फरहाननं सुचवलं होतं, की जसजशी एकेका घराची तयारी होईल, तसतसा त्या घरात तो सीन सोडू, कुठे आज, कुठे महिन्याभरानं. हेमांगीनं ऐकलं नाही. "माणूस गेला की सगळ्यांकडे एकाच दिवशी जातो," ती म्हणाली. सोमवारी साडेआठला त्या चार हजार तीनशे सोळा घरांत एकच सीन लागला, एकाच मापाचा, कुणासाठी कमी नाही, कुणासाठी जास्त नाही. नाडीला त्या बावीस मिनिटांपुरते डोळे मिटायला लावले होते.

हेमांगी घरी एकटीच बसली होती. त्या घरांतले लोक रागावतील, टीव्ही फोडतील, असलं काहीबाही तिच्या मनात येत होतं. फरहाननं निरोप पाठवला, की जवळपास कुणीच टीव्ही बंद केला नाही. तो निरोप तिनं दोनदा वाचला. पण ती खरी वाट बघत होती ती नऊची.

नऊ वाजून एक मिनिटानं फोन वाजला.

"हेमे," ताई म्हणाली, "मी तिथं उभी होते, तरी तुम्ही लोकांनी करायचं तेच केलंत. बापूंनी कप डाव्या बाजूला ठेवला. सून उठली तेव्हा तो उजव्या बाजूला. मेलेल्या माणसानं सरकवला काय गं?"

हेमांगीनं डोळे मिटले.  मग तिनं खणातून वही काढली, वर्षभर कोरी पडलेली, आणि पेन शोधलं.

"लिहून घेते. अजून?"

"अजून म्हणजे? आत्ता तर सुरुवात आहे," ताई म्हणाली. "पहिला शॉट लाव बघू आधी, त्यातल्या सुनेच्या बांगड्या बघ. मोज."